आठ नंबरची सावड

माणूस तोंडावरून ओळखायचा असतो म्हणे. मी एक माणूस पाठीवरून ओळखायची. तोंड त्याला होतं, नाही असं नाही. दाढीचे खुंट वाढलेलं, पानाने ओठांच्या कडा लाल झालेलं, बऱ्यापैकी रडकं तोंड. पण ते मला दिवसातून दोनदाच दिसायचं, ड्यूटीवर चढताना आणि उतरताना. मधला सगळा वेळ त्याची पाठ आणि माझी पाठ.

मुंबईच्या रस्त्यावरच्या एका टोलनाक्यावर आम्ही कामाला होतो. येणाऱ्या आणि जाणाऱ्या लेनच्या मधोमध एक बूथ होता, पत्र्याचा आणि काचेचा डबा नुसता. त्याला दोन बाजूंना दोन खिडक्या. एका खिडकीशी मी, नाशिककडे येणाऱ्या गाड्यांसाठी. दुसऱ्या खिडकीशी तो, मुंबईकडे जाणाऱ्यांसाठी. मधे दोन खुर्च्या, पाठीला पाठ लावून. माझी लेन सात नंबर, त्याची आठ. तो मागे रेलला की माझी खुर्ची पुढे सरकायची आणि माझा हात की-बोर्डवर आपटायचा. पहिल्या आठवड्यात यावरून मी त्याला काय काय बोलले ते लिहिण्यासारखं नाही. लिहिताना ‘तो’ म्हणतेय, समोर मात्र ‘तुम्ही’च म्हणायची. माझ्यापेक्षा वीसेक वर्षांनी तरी मोठा असेल.

टोल घेतल्यावर ‘धन्यवाद, आपला प्रवास सुखाचा होवो’ असं म्हणायचा हुकूम होता. खिडकीवर तशी पट्टीच चिकटवलेली होती. आठ नंबर ती पट्टी कधी वाचायचा नाही. तो म्हणायचा, ‘सावकाश जा. तिकडं कोण वाट बघत नाय.’

काही जण हसायचे, काही जण शिव्या घालायचे. एकदा एका मोठ्या गाडीतल्या गृहस्थांनी काच खाली करून विचारलं, ‘म्हणजे काय म्हणायचंय तुम्हाला?’ मागे हॉर्नचा नुसता कल्लोळ. आठ नंबर शांतपणे म्हणाला, ‘मुंबईत कोणी कोणाची वाट बघतं का, साहेब? मंग घाई कशाला?’ त्या गृहस्थांनी तक्रार केली. सुपरवायझर बूथच्या दारात उभे राहून ओरडले, ‘अहो, लिहिलंय तेवढं वाचायला काय जातं तुमचं?’

‘लिहिलेलं खोटं हाय, साहेब. माझ्या होवो म्हणण्यानं कोणाचा प्रवास सुखाचा व्हतोय? सावकाश जा म्हणलं तर निदान गाडी तरी सावकाश जाईल.’

सुपरवायझर निघून गेले. मी मान वळवून म्हटलं, ‘नोकरी घालवाल एक दिवस.’ तर म्हणे, ‘तू तुझी खिडकी बघ.’

त्याला आणखी एक खोड होती. ट्रक थांबला की तो नाक वर करून वास घ्यायचा आणि आत काय माल आहे ते सांगायचा. दिंडोरीची द्राक्षं, लासलगावचा कांदा, घोटीचा तांदूळ. दहातल्या नऊ वेळा साफ चुकायचा. एकदा एका ड्रायव्हरला म्हणाला, ‘द्राक्षं दिसतात.’ ड्रायव्हर म्हणाला, ‘काका, फरशी आहे.’ ‘फरशीखाली द्राक्षं असतील,’ हे वर. हरलो असं कबूल करायचा नाही, जीव गेला तरी. मला हसू यायचं आणि रागही यायचा. दिवसभर एका डब्यात कोंडून घेतल्यावर दोन्ही एकदमच येतं.

पण मला सांगायचंय ते त्याच्या शब्दाच्या वेडाबद्दल. ते सुरू झालं ट्रेनिंगपासून. कंपनीच्या ऑफिसातून टाय लावलेला एक माणूस आला होता. त्याने आम्हा सगळ्यांना खुर्च्यांवर बसवलं आणि अर्धं हिंदीत, अर्धं इंग्रजीत सांगितलं, ‘आपका बूथमेट आपकी फॅमिली है.’

आठ नंबरने हात वर केला. ‘मेट कोण?’

‘बूथमेट म्हणजे तुमच्यासोबत बूथमध्ये जो बसतो तो.’

‘मेट बसत नाय, साहेब. मेट उभा राहतो. रोजगार हमीच्या रस्त्यावर माझ्या बापानं खडी फोडली, तवा मेट छत्री घेऊन उभा राहायचा आन् हजेरी घ्यायचा. मेट म्हणजे मुकादम. आता या बूथात मेट कोण, मी का ही बाई? ते एकदा ठरवा, मंग मी बसतो.’

टायवाला गोंधळला. ‘दोघेही मेट आहात.’

‘दोघंबी मेट? मंग काम कोण करणार?’

सगळे खो खो हसले. मीही हसले. तेव्हा तो माझ्याकडे वळून म्हणाला, ‘हसती काय? तू मुकादम झाली.’ हे त्याचं माझ्याशी पहिलं बोलणं. त्यानंतर आठवडाभर रोज सकाळी बूथमध्ये शिरताना हात जोडून म्हणायचा, ‘मेट, हजेरी घ्या.’ शेवटी मी वैतागून म्हटलं, ‘अहो, बास की आता! भाऊ म्हणते तुम्हाला, झालं?’

पाठीमागे खुर्ची करकरली. मग म्हणाला, ‘भाऊ नको. भाऊ हायत मला दोन. पुरे झाले.’

‘मग काय म्हणू?’

‘तेच तर बघायचंय. एका डब्यात दोघं बसतो, एकाचं पाणी दुसरा पितो, एक शिंकला तर दुसऱ्याची खुर्ची हालती. त्याला काय तरी शब्द असंल ना? शब्द सापडेस्तवर नंबर चालवू.’

म्हणून मी सात आणि तो आठ. ‘ए सात, सुट्टे हायत का?’ ‘अहो आठ, खुर्ची पुढे घ्या.’ आणि मधल्या फटीत, गाड्या नसल्या की, शब्दांची झडती. मी म्हणायची, भिडू म्हणा. तो म्हणायचा, भिडू खेळापुरता. नवा डाव मांडला की तोच पलीकडच्या बाजूला जातो. मी म्हणायची, पार्टनर. ‘पार्टनर म्हणलं की कोर्ट आलंच.’ जोडीदार म्हटल्यावर तर उसळलाच. ‘जोडीदार म्हणजे एकतर बैल नायतर नवरा. तुला यातलं काय पाहिजे?’ मी म्हटलं, ‘नवरा आहे एक घरी, बैल तुम्ही व्हा.’ त्या दिवशी हसताना त्याची खुर्ची इतकी हलली की माझा चहाचा कागदी कप सांडला.

मला मात्र हा खेळ वाटत होता. खेळ नव्हता हे घरी समजलं. आमचं घर नाशिकरोडला, बुद्धविहारामागच्या कॉलनीत. सासूबाईंना एक दिवस कोणीतरी सांगितलं की तुमची सून दिवसभर काचेच्या डब्यात परक्या माणसाच्या पाठीला पाठ लावून बसते. झालं! रात्रीच्या जेवणाला तोच विषय. ‘कोण आहे गं तो?’ नवऱ्याने ताटातून मान वर केली नाही, पण घास थांबला होता त्याचा. मी काय सांगणार? कामावरचा माणूस म्हटलं तर ‘कामावरचा म्हणजे?’ मी आपलं म्हणून टाकलं, ‘काका आहेत. म्हातारे आहेत.’ घास पुढे सरकला.

दुसऱ्या दिवशी मी हे हसत हसत आठ नंबरला सांगितलं. तो हसला नाही.

‘काका कशाला केलं मला?’

‘अहो, घरी सांगायला.’

‘काका झालं की लग्नात आहेर आला, मानपान आला, मंग रुसवा आला. नात्यात माणूस हक्कानं फसवतो, सात. परका निदान लाजतो तरी.’

त्यानंतर तो गप्प. टोल घ्यायचा, पावती द्यायचा, ‘सावकाश जा’सुद्धा म्हणायचा नाही. मला त्या शांततेचं फार वाईट वाटायला लागलं. पाठ दिसते, श्वास ऐकू येतो आणि माणूस बोलत नाही, हे सोसवत नाही. शेवटी एका दुपारी, गाड्या तुरळक असताना, तोच मागून बोलायला लागला. तोंड खिडकीकडेच.

त्याचं गाव घोटीच्या पलीकडे, भाताचं. भाताची रोपं आधी एका जागी वाढवायची आणि पाऊस धरला की उपटून चिखलात लावायची, त्याला तिकडे आवणी म्हणतात. आवणी एकट्याच्या घरच्यांना उरकत नाही. म्हणून पूर्वी सावड असायची. आज सगळे मिळून तुझ्या खाचरात, उद्या सगळे माझ्या. पैशाचा प्रश्न नाही, मजुरी नाही. घमेलं-दोरी ज्याची त्याने आणायची. भाकरी ज्याचं शेत त्याची. पण भाकरी काम झाल्यावर. ‘काम न करता जेवला तो पाहुणा,’ तो म्हणाला. ‘काम करून जेवला तो सावडकरी.’

‘मग पुढे?’

‘पुढं काय? एका साली मी सगळ्यांच्या आवणीला गेलो. दोन्ही भावांच्या वाटणीच्या खाचरात राबलो. कंबर मोडली व्हती माझी. माझी पाळी आली तवा कोणी आलंच नाय. एका भावानं बाहेरची टोळी पैसे मोजून उक्ती आणली व्हती, दुसऱ्याला तालुक्याला काम निघालं. बाकीचे म्हणाले, आता सावड कोण करतं, तूबी टोळी आण. मी माझी रोपं उपटून ठेवली व्हती, सात. जुड्या बांधून बांधावर. रोज सकाळी जाऊन बघायचो, कोण येतंय का. जुड्या तिथंच पिवळ्या पडल्या.’

एक टेम्पो आला. त्याने टोल घेतला, पावती दिली. ‘सावकाश जा,’ म्हणाला, पुढचं वाक्य त्याने सोडून दिलं.

‘मंग मी शेत भावांच्या अंगावर टाकलं आन् इकडं आलो. बायको आधीच गेली व्हती, पोरबाळ नाय. मला बाकी काय नको व्हतं बघ. आपण केलं ते एकदा तरी फिरून यावं, एवढंच. एकदा कोणी तरी यावं. मेलं एवढं बी नाय.’

 माझ्या लेनला गाडी उभी होती आणि ड्रायव्हर काच ठोठावत होता.

जरा वेळाने तो म्हणाला, ‘आपण सावडकरी.’

‘जड आहे हो शब्द.’

‘जड असू दे. हलके सगळे वापरून बघितले.’

तेव्हापासून आमच्या बूथमध्ये तो शब्द चालू झाला. मला बाथरूमला जायचं असलं की मी म्हणायची, ‘आठ, सावड द्या.’ तो खुर्ची अर्धी फिरवून दोन्ही खिडक्या सांभाळायचा. मग त्याची पाळी. उसनी सावड तो त्याच दिवशी फेडून घ्यायचा, शिल्लक ठेवायचा नाही. मी डबा विसरले तर अर्धी भाकरी मागे सरकवायचा आणि म्हणायचा, ‘ही सावड नव्हे, ही भीक. उद्या फेडू नको.’ सासूबाईंना मी सांगून टाकलं, ते काका नाहीत, सावडकरी आहेत. त्या म्हणाल्या, ‘म्हणजे जातीने काय?’ मी कपाळाला हात लावला.

नाक्यावरच्या पोरापोरींनी मात्र त्या शब्दाची वाट लावली. आम्ही ‘सावड द्या’ म्हणून बाथरूमला जातो हे त्यांनी ऐकलं होतं. मग काय, ‘सावडीला जाऊन येतो’ म्हणजे लघवीला जाऊन येतो, असं सुरू झालं. ‘कुठे गेला रे तो?’ ‘सावडीला.’ ‘सकाळपासून तिसरी सावड, पोट बिघडलंय का?’ सुपरवायझरसुद्धा एकदा म्हणाले, ‘सगळे एकदम सावडीला जाऊ नका.’ आठ नंबर त्या दिवशी एवढा भडकला की पान थुंकायला म्हणून बाहेर गेला तो अर्धा तास आलाच नाही. परत आला तेव्हा पुटपुटत होता, ‘गावात मेला, इथं गटारात घातला.’ मी समजावलं, ‘अहो, पोरं आहेत, चेष्टा करतात.’ ‘चेष्टाच करणार. ज्याची गरज उरत नाय त्याची चेष्टाच व्हती.’

मग माझे वडील गेले. मी एकुलती एक. चुलत भाऊ अग्नी द्यायला होते, माणसंही बरीच जमली. पण तिसऱ्या दिवशी, सावडायला, राख आणि अस्थी गोळा करायला, स्मशानात मी, नवरा आणि दोन चुलत भाऊ एवढेच. ऊन रणरणत होतं. राखेच्या आत अजून धग होती. एक भाऊ फोनवर बोलत लांब उभा राहिला, दुसरा म्हणाला, ‘ताई, उरका, मला ड्यूटी आहे.’ नवऱ्याला असलं काही बघवत नाही, तो नळाशी जाऊन बसला होता. मी एकटी त्या राखेपुढे बसले आणि माझे हात चालेनात. बापाला कुठून उचलायला सुरुवात करायची, सांगा ना!

तेवढ्यात फाटकातून आठ नंबर आत आला. घोटीहून सकाळची एसटी पकडून आला होता आणि हातात घमेलं. स्वतःचं! बसमधून घमेलं घेऊन आला होता तो माणूस.  माझ्या शेजारी उकिडवा बसला, राखेवर पाणी शिंपडलं आणि पायांकडून सुरुवात केली. ‘पायाकडून घ्यायचं,’ म्हणाला. ‘डोकं शेवटी.’ त्याचं बघून माझे हात चालायला लागले. त्याची बोटं भाजत होती, मला दिसत होतं, पण तो मधे फुंकर घालून पुन्हा हात घालायचा. पहिल्यांदाच आम्ही पाठीला पाठ नव्हतो, शेजारी शेजारी होतो.

अर्धं झाल्यावर म्हणाला, ‘सावड आन् सावडणं. हा एकच शब्द असणार बघ. दोन्ही एकट्यानं व्हत नाय.’

खरं की खोटं, मला माहीत नाही. ट्रकच्या वासासारखं हेही चुकलं असेल. पण त्या दिवशी मला ते पटलं आणि मी ढसाढसा रडले. तोपर्यंत रडलेच नव्हते.

सगळं झाल्यावर हात धुऊन तो म्हणाला, ‘भाकरी कुठाय?’ चुलत भावांनी एकमेकांकडे पाहिलं. मी त्याला घरी नेलं. सासूबाईंनी वाढलं, तो पोटभर जेवला, ठेचा परत मागून घेतला. निघताना घमेलं दाराशी तसंच ठेवलं.

‘अहो, घमेलं राहिलं.’

‘राहू दे तुझ्याकडं. माझ्या वेळेला घेऊन ये.’

‘काय बोलता हो असलं?’

‘असलं काय? जाळायला सगळे येतात, सात. लोक बघतात म्हणून येतात. तिसऱ्या दिवशी कोण येत नाय. तू ये. तुझ्यावर सावड हाय आता माझी.’

मी ‘बरं’ म्हटलं. त्याला हसू फुटलं. एवढं समाधानी तोंड मी त्याचं दुसऱ्यांदा कधी पाहिलं नाही.

त्यानंतर थोड्याच महिन्यांत सगळ्या लेन टॅगच्या झाल्या. गाडी येते, वरचं यंत्र काचेवरचा टॅग वाचतं, दांडा उघडतो. बूथमध्ये दोन माणसं कशाला? त्याची खुर्ची काढून तिथे यंत्राची पेटी बसवली. आठ नंबरला हातातलं मशीन देऊन बाहेर उभं केलं, ज्या गाडीचा टॅग वाचला जात नाही तिच्या काचेवर ते धरायला. दिवसभर दोन लेनच्या मधल्या कट्ट्यावर, डोक्याला टॉवेल गुंडाळून. माझ्या पाठीमागे आता पेटी घुंई घुंई करायची. मी सवयीने मागे रेलायची आणि लोखंड लागायचं.

कधीमधी तो काचेवर टकटक करून विचारायचा, ‘मेट, हजेरी लागली का?’

मी म्हणायची, ‘आता कसले मेट? बूथच नाही तुम्हाला.’

‘बूथ नसला तरी सावड हाय. ती फिटल्याबिगर सुटत नाय.’

तो वाळत चालला होता. मला दिसत होतं. सांगून काय उपयोग होता? ‘बरं नाही तर रजा घ्या’ म्हटलं की म्हणायचा, ‘रजा घेऊन कोणाकडं जाऊ?’  माझ्या घरी या, असं मी एकदा म्हटलं. ‘काम काय?’ असं त्याने विचारलं. काहीच काम नव्हतं. मग आला नाही.

आषाढात गेला तो. घोटीत खोली घेऊन राहायचा, तिथेच, छातीत दुखून. भाऊ येऊन गावी घेऊन गेले. नाक्याच्या ग्रुपवर सुपरवायझरांनी टाकलं, ‘आपल्या सहकाऱ्याचे दुःखद निधन.’ खाली हात जोडलेल्या चित्रांची रांग. मी ते वाचलं तेव्हा त्याला जाळूनही झालं होतं. पण माझा दिवस तो नव्हताच. माझा दिवस तिसरा होता. मी रजा टाकली. सुपरवायझर म्हणाले, ‘कशासाठी?’ मी म्हटलं, ‘सावडीला जायचंय.’ त्यांना हसू आलं. मग माझं तोंड बघून त्यांनी मान खाली घातली आणि रजा दिली.

तिसऱ्या दिवशी मी माळ्यावरून घमेलं काढलं, घासलं आणि नाशिकच्या द्वारका चौकातून एसटी पकडली. कंडक्टर म्हणाला, ‘ताई, घमेलं मागे ठेवा.’ मी मांडीवरच ठेवलं. घोटीला उतरून जीप, जीपमधून उतरून चिखलाची वाट. पाऊस धो धो. छत्री कशीबशी धरलेली, तीही वाऱ्याने उलटली, म्हणून शेवटी घमेलंच डोक्यावर पालथं घेतलं. दोन्ही बाजूंना भाताची खाचरं, त्यांत वाकलेल्या बायांची रांग. आवणी चालू होती. उक्ती टोळी असणार, कारण कोणी गात नव्हतं, बोलत नव्हतं, भराभर हात चालवत होत्या नुसत्या. स्मशान नदीच्या काठी, हे मला जीपवाल्याने सांगितलं होतं.

मी तिथे पोचले. चार खांबांवर पत्रा होता, त्याखाली काळा झालेला दगडी चौथरा. चौथरा स्वच्छ होता. धुतलेला. एका कोपऱ्यात हळदीकुंकू पडलं होतं आणि तेही पावसाच्या तुषारांनी वाहून चाललं होतं. मी घमेलं खाली ठेवून वाकले आणि दगडांच्या फटींतून बोटं फिरवली. पायांकडून सुरुवात करायची, हे लक्षात होतं. पण पाय कुठले आणि डोकं कुठलं, तेच कळायला मार्ग नव्हता. बोटांना नुसतं पाणी लागलं.

‘ओ बाई, टोळी वरच्या खाचरात हाय!’

मी मागे वळले. बांधावर एक माणूस उभा होता, डोक्यावर प्लॅस्टिकचा कागद घेतलेला. त्याचं तोंड मी कधी पाहिलेलं नव्हतं, पण तो परत जायला वळला आणि ती पाठ मी ओळखली. तोच उजवा खांदा खाली पडलेला, मान तशीच पुढे काढलेली. हा भाऊ.

‘मी टोळीतली नाही,’ मी म्हटलं. ‘मी त्यांची सावडकरी.’

तो शब्द मी पहिल्यांदाच असा उघड, त्याच्या माणसापुढे म्हणाले होते. 

तो थांबला. माझ्याकडे पाहिलं, घमेल्याकडे पाहिलं. मग त्याचा चेहरा मऊ झाला. ‘अरेरे. सावडायला आलात व्हय? लांबून आलात? पण सावडलं की ते. त्याच दिवशी, संध्याकाळी. आडवा पाऊस लागला व्हता, पत्र्याखालची राख वाहून चालली व्हती, मंग म्हणलं उरकून घेऊ. नदीतच सोडली.’

‘कोण कोण होतं?’

‘मीच व्हतो. दुसरं कोण येतंय एवढ्या पावसात?’

वाईट माणूस नव्हता तो. खरंच कळवळून बोलत होता. माझं तोंड शिव्या द्यायला शिवशिवत होतं आणि शिवी द्यावी असं त्याने काही केलेलं नव्हतं. पाऊस आला, राख वाहायला लागली, त्याने गोळा केली. बस, एवढंच. आठ नंबरची सावड मात्र माझ्या अंगावर तशीच राहिली आणि आता ती जन्मात फिटायची नाही. एक माणूस आयुष्यभर वाट बघत बसला की कोणी तरी फिरून येईल, आणि मी आले तर त्याचं काहीच उरलेलं नव्हतं.

मी घमेलं उचललं. त्यात पत्र्याच्या कडेवरून गळणारं पाणी साठलं होतं, ते ओतून टाकलं.

‘अशा पावसात कुठं जाता? घर जवळ हाय,’ भाऊ म्हणाला. ‘भाकरी तयार हाय. जेवून जा.’

मी नको म्हटलं. काम न करता जेवला तो पाहुणा.